तीन शिट्या, मग मंद

कोन सोलताना हाताला खोबरेल लावायचं
हे मला एकसष्टाव्या वर्षी कळलं,
खाज कोपरापर्यंत चढल्यावर.
गॅसपाशी खुर्चीत बसलेल्या उमावतीने
डाव्या हाताने बाटली दाखवली,
उशिरा. मुद्दाम उशिरा, असं मला वाटतं.

उजवा हात तिच्या मांडीवर असतो
कोणीतरी विसरून गेलेल्या वस्तूसारखा.
शब्द आत आहेत, डॉक्टर म्हणतात,
वाट तेवढी बुजली आहे.
बांबोळीच्या इस्पितळात मिनोश्का नावाची पोर
तिला गिळायला शिकवते.
तिने कागदावर लिहून दिलं:
मऊ. ओलं. गाठ नको.
गाठ चुकीच्या नळीत गेली तर –
पुढचं तिने लिहिलं नाही.

बुधवारी डिचोलीच्या बाजारात
जयूबाय गोणपाटावर मातीसकट कोनां मांडून बसली होती,
एकेक हत्तीच्या पावलाएवढं.
'किती शिजवायचं?' मी विचारलं.
'घरकान्नीक विचार,' ती म्हणाली.
मी सुटे पैसे मोजत राहिलो.

तीस वर्षं मी बार्जच्या इंजिनखोलीत होतो.
सारमानसहून मुरगावपर्यंत खनिज,
तेलाचा दाब, पाण्याचा दाब.
काट्याकडे न बघता
पायाच्या तळव्याला कळायचं मशीन कुठे कुरकुरतंय.
मग खाणी बंद पडल्या,
बार्ज काठाला गंजत बसली, मी घरी आलो.
तेव्हाही कुकरची शिटी मला ऐकू येत नसे.
कान ठीक होते.

आता रबर ताणून बघतो.
शिटीचं भोक दिव्यासमोर धरतो.
(इथे तिने मान हलवली. हे बरोबर.)
खाली दोन बोटं पाणी, वर डबा,
डब्यात जांभळ्या फोडी, चिमूट मीठ.
पहिल्या दिवशी दोन शिट्या दिल्या:
बाहेरून मेण, आत लाकूड.
दुसऱ्या दिवशी सात:
पाणी सुटलेलं जांभळं पिठलं, ते मीच खाल्लं.
तिसऱ्या दिवशी वाफ धरत असताना
तिने तीन बोटं वर केली.
मग तळहात पालथा करून
हवेतून हळूच खाली आणला. मंद.
मग पाचही बोटं.
'पाच मिनिटं?'
डोळे मिटून उघडले. पाच.

एवढं सगळं ती इतकी वर्षं
खोबरं किसत, पोराला पाढे म्हणायला लावत,
फोनवर शिरोड्याच्या बहिणीशी भांडत
मोजत होती.

दाब आपला आपण उतरू द्यायचा,
वजन उचलून सोडायचा नाही.
हे मला कोणी सांगायला नको, हे माझं खातं.
आम्ही दोघं बसून राहिलो.
कुकर आतल्या आत काही पुटपुटत होता.
त्याला कोणी घाई केली नाही.

पितळी पेल्याच्या बुडाने चेपलं,
चाळणीतून घासलं, नारळाचा दाट रस घातला,
गूळ, तिने भुवई उचलली तिथपर्यंत.
ओटा जांभळा, माझी नखं जांभळी,
तिच्या पदराला एक ठिपका, तो जाणार नाही.

हनुवटी खाली, मिनोश्काने शिकवल्याप्रमाणे.
पहिला चमचा गेला.
दुसरा गेला.
तिसऱ्याला ती थांबली.
जिभेने ढकलत ढकलत
मसुरीएवढी गाठ ओठावर आणून ठेवली
आणि माझ्याकडे बघितलं,
तेलकट बुटांनी मी घरात शिरायचो
तेव्हा बघायची तसं.

मी ती बोटावर घेतली, तोंडात टाकली.
शिजली होती.
म्हणजे चूक माझ्या चेपण्यातली,
तिच्या मोजण्यातली नव्हे.

तिने चाळणीकडे बोट केलं.
मी उठलो.